समुद्र नसलेल्या मुलखातील शाळेत शंखशिंपल्यांचा संग्रह असावा का?

शिवारशाळा

मी अंबाजोगाई तालुक्यातील एका जिल्हा परिषद शाळेत विज्ञान शिकवतो. या हिवाळ्यात सातवीची सहल दापोली-हर्णैच्या बाजूला न्यायचे ठरले असून वर्गातील बहुतेक मुले समुद्र पहिल्यांदाच पाहणार आहेत. शाळेत काचेचे एक कपाट रिकामे आहे. मुलांनी किनाऱ्यावर वेचलेले शंख, शिंपले आणि कवड्या त्यात मांडाव्यात आणि प्रत्येकाखाली नाव लिहावे, असा प्रस्ताव मी शिक्षकांच्या बैठकीत मांडला, तेव्हा मते विभागली. एका बाईंचे म्हणणे असे की किनाऱ्यावरची वस्तू उचलून घरी आणण्याची सवय शाळेनेच लावू नये. दुसऱ्या सहकाऱ्यांनी सुचवले की पर्यटनस्थळी शंखांचे तयार संच मिळतात, ते विकत आणले म्हणजे वेचण्याचा प्रश्नच उरत नाही.

माझे स्वतःचे मत संग्रहाच्या बाजूने आहे, कारण जी वस्तू हातात घेऊन फिरवून पाहता येते तिच्याविषयी मुले आपणहून प्रश्न विचारतात. तरीही बाईंचा आक्षेप मला हलका वाटत नाही. ज्यांनी असे संग्रह केले आहेत किंवा ज्यांचा किनाऱ्याशी रोजचा संबंध आहे, त्यांनी कृपया सविस्तर लिहावे.

खाडीपल्याड

गुरुजी, मी दापोली तालुक्यातला. आमची कुलदेवता आपल्या अंबाजोगाईची योगेश्वरी, त्यामुळे आपल्या गावाशी आमच्या घराण्याचे नाते जुने आहे.

तयार संच मात्र कृपया विकत घेऊ नका. बाजारातला मोठा, चकचकीत, एकही ओरखडा नसलेला शंख सहसा लाटेने आणून टाकलेला नसतो. जिवंत प्राणी पाण्यातून काढून, त्याचे मांस काढून टाकून आणि कवच घासूनपुसून तो विक्रीला ठेवलेला असतो. किनाऱ्यावर पडलेल्या शंखाची कड झिजलेली असते, रंग उडालेला असतो, आणि पुष्कळ शिंपल्यांवर एक नीट कोरलेले गोल भोक दिसते. ते भोक मांसाहारी गोगलगायीने पाडलेले असते. ती शिंपल्यावर बसून कवच कोरते आणि आतला जीव खाते. असा एक भोक पडलेला शिंपला मुलांच्या हातात द्या, समुद्रात कोण कोणाला खातो हे त्यांना पाठ करावे लागणार नाही.

बाईंच्या म्हणण्यातही तथ्य आहे. रिकामा शंख किनाऱ्याला नकोसा झालेला असतो, असे मुळीच नाही. संन्यासी खेकड्याचे पोट मऊ असते आणि ते झाकण्यासाठी त्याला दुसऱ्याच्या रिकाम्या शंखात राहावे लागते. अंग वाढले की त्याला अधिक मोठा शंख शोधावा लागतो आणि चांगल्या शंखासाठी त्यांच्यात झटापटही होते. उरलेल्या शंखांवर शेवाळ धरते, लहान जीव चिकटून राहतात आणि शेवटी ते झिजून वाळूत मिसळतात. सुट्टीच्या दिवशी पिशव्या भरभरून शंख नेणारी कुटुंबे मी पाहतो, तेव्हा मला वाईट वाटते. पण वर्गाने मिळून मूठभर झिजलेले शिंपले नेले तर मी हरकत घेणार नाही.

कागदीनाव

मला वरील सर्व काळजी थोडी अति वाटते. ज्या मुलांनी आजवर तलाव आणि विहीर यापलीकडे पाणी पाहिले नाही, त्यांना आयुष्यात एकदा समुद्रावर नेऊन आपण सांगणार की बघा, पण हात लावू नका. शंख वेचणे ही मुलाची निसर्गाशी होणारी पहिली ओळख असते. मोठमोठे बंदर प्रकल्प, किनाऱ्यावरची बांधकामे आणि समुद्रात सोडलेले सांडपाणी यांच्यापुढे बीड जिल्ह्यातल्या चाळीस मुलांच्या खिशातले शिंपले किती नुकसान करणार आहेत?

मोजपट्टी

मी प्राणिशास्त्राचा निवृत्त प्राध्यापक आहे आणि परभणीला राहतो. कागदीनाव यांचा प्रश्न योग्य आहे, म्हणून त्याचे उत्तर आकड्यांनी देणे बरे. स्पेनच्या भूमध्य सागराकाठच्या एका किनाऱ्यावर संशोधकांनी १९७८ ते १९८१ या काळातील शिंपल्यांची मोजणी २००८ ते २०१० या काळातील मोजणीशी ताडून पाहिली. मधल्या काळात तेथील पर्यटकांची संख्या सुमारे तिपटीने वाढली आणि किनाऱ्यावरील शिंपल्यांचे प्रमाण निम्म्याहूनही खाली आले. त्यात वेचणाऱ्यांचा वाटा किती आणि किनारा साफ करणाऱ्या यंत्रांचा किती, हे वेगळे काढणे कठीण आहे. तरी माणसांची वर्दळ आणि शिंपल्यांची घट यांचा संबंध त्या मोजणीतून स्पष्ट दिसतो. आपल्या चाळीस मुलांनी हे घडत नाही, परंतु त्याच किनाऱ्यावर दर आठवड्याला अशा कित्येक सहली उतरतात, हेही खरे आहे.

आता एक गैरसमज दूर करतो, कारण शाळाशाळांतून तो ऐकू येतो. शंख हे त्या प्राण्याचे भाड्याचे घर नव्हे. संन्यासी खेकडा शंख बदलतो म्हणून मुलांना वाटते की गोगलगायही बदलत असेल. मऊ शरीराच्या या प्राण्याच्या अंगाभोवती प्रावरण नावाचा पातळ पडदा असतो. त्या पडद्यातून कॅल्शियम कार्बोनेट आणि थोडे प्रथिन पाझरते आणि तोंडाच्या कडेला थरावर थर चढत जातो. कवच त्याच्या स्नायूंना जोडलेले असते आणि जन्मापासून मरेपर्यंत त्याच्यासोबत वाढते. टोकाचा अगदी बारीक वेढा म्हणजे त्याचे बालपण आणि तोंडाकडचा रुंद वेढा म्हणजे त्याचे शेवटचे दिवस. वेढे एकाच प्रमाणात रुंदावत जातात, म्हणून शंख लहान असो वा मोठा, त्याचा आकार तोच राहतो. हे प्रमाण मुलांना दोरा आणि पट्टी घेऊन प्रत्यक्ष मोजता येते. गणिताचा एक उत्तम तास त्यातून होईल.

सहलीपूर्वी एक सूचना मुलांना निक्षून द्यावी. शंकूच्या आकाराचा, नक्षीदार, जिवंत शंख पाण्यात दिसला तर त्याला हात लावू नये. शंकूशंखाच्या प्राण्याला विषारी, भाल्यासारखा दात असतो आणि त्यातील एका जातीचा दंश माणसाच्या जिवावर बेतू शकतो. त्याच कुळातील दुसऱ्या एका जातीच्या विषावरून तीव्र वेदना शमवणारे झिकोनोटाइड हे औषध तयार झाले आणि २००४ साली अमेरिकेत त्याला मान्यता मिळाली.

कागदीनाव

सर, आकड्यांबद्दल आभारी आहे. माझे मत पूर्ण बदललेले नाही, पण पिशवी आणि मूठ यांतला फरक मला मान्य आहे. एक शंका विचारतो. कवडी बाहेरूनही इतकी गुळगुळीत आणि चमकदार असते, तर साधा शंख बाहेरून खडबडीत का?

मोजपट्टी

जिवंत कवडी आपल्या प्रावरणाचे दोन पंख कवचाच्या बाहेरून वर आणते आणि सगळी पाठ झाकून घेते. त्यामुळे बाहेरच्या बाजूलाही सतत नवा थर चढतो, ओरखडे भरून निघतात आणि त्यावर शेवाळ धरत नाही. इतर शंखांची पाठ उघडी राहते, म्हणून ती झिजते.

परडी

मी तुळजापूरची. आमच्या घरात आजीपासून आराधीपण आहे. वरची चर्चा वाचताना मला एक गोष्ट पुन्हा पुन्हा जाणवली. आपण सर्वजण असे गृहीत धरत आहोत की आपल्या मुलांनी समुद्रातली वस्तू पाहिलेलीच नाही. तुळजाभवानीच्या आराध्यांच्या गळ्यात कवड्यांची माळ असते. जोगवा मागायला निघताना हातातल्या परडीत कवड्या असतात आणि गोंधळी व भुत्ये यांच्या अंगावरही त्या असतात. पोळ्याला बैलाच्या गळ्यात कवड्यांच्या माळा घालणारी घरे मराठवाड्यात आजही आहेत. लमाण तांड्यांवरच्या बायांच्या पोशाखात कवड्या आणि आरसे शिवलेले असतात. सारीपाटावर दान पाडायलाही कवड्याच लागत.

या सर्व कवड्या समुद्रातून आलेल्या आहेत आणि आपल्याकडे शेकडो वर्षे येत आहेत. त्यामुळे गुरुजींच्या कपाटातली पहिली वस्तू हर्णैची नसावी, असे मला मनापासून वाटते. प्रत्येक मुलाने घरी विचारावे की आपल्याकडे कवडी आहे का, ती कोणाकडून आली, कशासाठी ठेवली आहे. माळ शाळेत आणायला लावू नये, ती देवाची वस्तू आहे. तिचे चित्र काढून आणावे आणि आजीने सांगितलेले चार शब्द खाली लिहावेत.

जुनेखापर

परडीताई, आपण नेमक्या जागी बोट ठेवले. मला प्राचीन स्थळे पाहत हिंडण्याची आवड आहे, म्हणून यात थोडी भर घालतो.

धाराशिव जिल्ह्यातील तेर म्हणजे प्राचीन तगर. तेर, पैठण आणि जालना जिल्ह्यातील भोकरदन या तिन्ही ठिकाणी उत्खननांत सातवाहन काळातील शंखाच्या बांगड्यांचे तुकडे मिळालेले आहेत. या बांगड्यांसाठी जाड कवचाचा पूजेचा शंख वापरत. शंख आडवा कापला की वर्तुळाकार चकत्या मिळतात, त्या आतून-बाहेरून घासल्या की बांगडी होते आणि मधल्या दांड्याचे मणी करता येतात. आज हीच कला बंगालमध्ये जिवंत आहे आणि तिकडे लग्न झालेल्या बायका शंखाच्या पांढऱ्या बांगड्या घालतात. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील पेरिप्लस या ग्रीक वर्णनात भडोच बंदरापासून पैठण सुमारे वीस दिवसांच्या वाटेवर आणि तेथून पूर्वेला तगर सुमारे दहा दिवसांच्या वाटेवर असल्याची नोंद आहे. म्हणजे त्या काळी समुद्र आपल्यापासून महिन्याभराच्या बैलगाडीच्या वाटेवर होता आणि तरीही त्यातला शंख तेरच्या बाईच्या मनगटावर होता. तेरच्या रामलिंगप्पा लामतुरे संग्रहालयात मुलांना एकदा अवश्य न्यावे. अंबाजोगाईहून एका दिवसात जाऊन परत येता येते.

कवडीचा व्यवहारही तितकाच जुना आहे. भास्कराचार्यांनी ११५० साली लिहिलेल्या लीलावतीच्या सुरुवातीच्या कोष्टकात वीस कवड्यांची एक काकिणी, चार काकिणींचा एक पण आणि सोळा पणांचा एक द्रम्म असा हिशेब दिला आहे. एका द्रम्माच्या किती कवड्या, हे गणित सातवीच्या मुलाने फळ्यावर सोडवावे. उत्तर १२८० येते. या कवड्या मुख्यतः मालदीव बेटांवरून येत. तेथून जहाजे भरून त्या बंगालमध्ये उतरत आणि पुढे युरोपीय व्यापाऱ्यांनी त्याच कवड्या पश्चिम आफ्रिकेत नेऊन गुलामांच्या खरेदीत वापरल्या. हा भागही मुलांपासून लपवू नये.

काळीआई

मी लातूर जिल्ह्यातला शेतकरी आहे. आपण सर्व समुद्राविषयी लिहीत आहात ते वाचायला चांगले वाटते, पण शंख म्हटले की आमच्या भागातल्या माणसाला आधी २०२२ चा खरीप आठवतो. त्या वर्षी लातूर, धाराशिव आणि बीड जिल्ह्यांत शंखी गोगलगायींनी नुकतेच उगवलेले सोयाबीन रातोरात खाल्ले. आमच्या शिवारात लोकांनी दुबार पेरणी केली आणि काहींना तिबारही करावी लागली. संध्याकाळी आणि पहाटे बांधावर ओली पोती व गवताचे ढीग ठेवून, त्याखाली जमलेल्या गोगलगायी वेचून मिठाच्या पाण्यात टाकायच्या, हे काम घरातल्या सर्वांनी मिळून केले. त्यामुळे शंख वेचणे म्हणजे निसर्गाचे नुकसान, हे वाक्य सरसकट लिहिलेले मला पटत नाही. कोणता शंख, कोठला आणि जिवंत की रिकामा, हे पाहिल्याशिवाय काहीच म्हणता येत नाही.

मोजपट्टी

काळीआई यांच्याशी मी पूर्ण सहमत आहे. ही मोठी गोगलगाय मूळची पूर्व आफ्रिकेची आहे. १८४७ साली एका शंखसंग्राहकाने ती मॉरिशसहून कोलकात्याला आणली आणि बागेत सोडली, तेथून ती देशभर पसरली. आपल्या आजच्या विषयाशी याचा थेट संबंध आहे. संग्राहकाने एका ठिकाणाहून जिवंत प्राणी उचलून दुसऱ्या ठिकाणी सोडला, तर त्याची किंमत पुढे पावणेदोनशे वर्षांनी लातूरच्या शेतकऱ्यालाही मोजावी लागते. म्हणून सहलीत खाडीतली किंवा ओढ्यातली कोणतीही जिवंत गोगलगाय डब्यात घालून आणू नये आणि आपल्या तळ्यात तर मुळीच सोडू नये.

उन्हाळ्यात बांधावर या गोगलगायींचे पांढरे पडलेले रिकामे शंख भरपूर सापडतात. ते कपाटात ठेवण्यास काहीच हरकत नाही, मात्र उचलताना हातमोजे घालावेत आणि शंख चांगले उकळून घ्यावेत, कारण या गोगलगायी माणसाला अपायकारक कृमी वाहून नेतात. समुद्री शंखाशेजारी तो ठेवला की मुलांना फरकही दिसेल, कारण जमिनीवरच्या गोगलगायीचे कवच त्या मानाने पातळ आणि हलके असते.

गोदाकाठ

नांदेडहून लिहिते. समुद्र आणि शेत झाले, आता नदीविषयीही कोणी बोलावे म्हणून लिहीत आहे. गोदावरीच्या वाळूत बोटभर लांबीचे काळपट हिरवे शिंपले असतात आणि त्यांची आतली बाजू मोत्यासारखी चमकते. लहानपणी आम्ही असा शिंपला दगडावर घासून त्याच्या फुगीर भागाला भोक पाडायचो आणि त्या धारेने कैऱ्या सोलायचो. त्या काळी पाणी ओसरले की हे शिंपले सहज मिळत. आता आमच्या घाटाजवळ ते फार क्वचित दिसतात. वाळूचा बेसुमार उपसा झाल्यावर शिंपल्यांनी राहायचे कोठे, हा प्रश्न मला समुद्राच्या प्रश्नाइतकाच मोठा वाटतो.

गोड्या पाण्यातला हा शिंपला पाणी गाळून त्यातले बारीक अन्न खातो आणि त्यामुळे नदीचे पाणी नितळ राहण्यास मदत होते. त्याचे पिल्लू तर आणखी विलक्षण आहे. अंड्यातून निघाल्यावर ते माशाच्या कल्ल्याला किंवा परांना चिकटते, काही दिवस त्याच्या आधाराने वाढते आणि मग गळून वाळूत स्थिरावते. म्हणजे नदीत मासा नसेल तर शिंपलाही नाही. ज्या गावात नदी आहे तेथील शाळेने हे शिकवायला समुद्रापर्यंत जाण्याची गरज नाही.

ज्यांना शेततळ्यात मोती पिकवायचा मोह आहे त्यांच्यासाठीही दोन शब्द लिहिते. गोड्या पाण्यातल्या शिंपल्यात मोती वाढवण्याचे तंत्र खरे आहे आणि भुवनेश्वरच्या केंद्रीय गोड्या पाण्यातील मत्स्यसंवर्धन संस्थेने त्यावर बरेच काम केले आहे. पण आमच्या नात्यातल्या एका कुटुंबाने, सर्व मोती परत विकत घेऊ असे तोंडी आश्वासन देणाऱ्या एका खासगी प्रशिक्षकाकडून शिंपले घेतले. शस्त्रक्रियेनंतर बहुतेक शिंपले मेले आणि उन्हाळ्यात तळे तापल्यावर उरलेलेही गेले. पैसे भरण्याआधी विक्रीची लेखी हमी आणि बारमाही पाणी या दोन्हींची खात्री करावी.

रंगपेटी

मी छत्रपती संभाजीनगरला चित्रकला शिकवते. संग्रहाचा विचार करताना डोळ्यांना वळण लावणे हा त्याचा मोठा उपयोग आहे, असे मला वाटते. शंखाचे वळण काढायला सांगितले की मुले पहिल्या प्रयत्नात जिलबी काढतात, कारण ती समोर ठेवलेला शंख पाहत नाहीत, डोक्यातला शंख काढतात. तोच शंख दिवसभर बाकावर ठेवला, उजेडात फिरवला, पेन्सिलने त्याच्या वेढ्यांच्या रेषा मागून पुढे नेल्या की चित्र बदलते.

शंखाचे वळण मोठमोठ्या चित्रकारांनाही परीक्षेत पाडते. डच चित्रकार रेम्ब्रांट याने १६५० साली संगमरवरी नक्षीच्या शंकूशंखाचे एक सुंदर कोरीव मुद्राचित्र केले. तांब्याच्या पत्र्यावर जे कोरावे ते कागदावर उलट उमटते. त्याने आपली सही नीट वाचता येईल अशी उलटी कोरली, पण शंख जसा दिसला तसाच कोरला, त्यामुळे छापलेल्या चित्रातला शंख निसर्गातल्या शंखाच्या उलट्या दिशेने वळलेला आहे. हे चित्र आणि एक आरसा घेऊन मी वर्गात बसते, तेव्हा मुले तासभर प्रश्न विचारत राहतात.

आपल्या घराजवळ पाहायचे असेल तर अजिंठ्याच्या दुसऱ्या लेण्यात डाव्या बाजूच्या उपगर्भगृहात शंखनिधी आणि पद्मनिधी हे दोन यक्ष कोरलेले आहेत. वेरूळच्या कैलास लेण्याच्या प्रवेशद्वाराशीही हे दोन निधी आहेत. काळ्या दगडाच्या, समुद्रापासून दूरच्या डोंगरात धनाची खूण म्हणून शंख कोरला जातो, याचे मला नेहमी अप्रूप वाटते.

उदगीरवासी

रंगपेटी ताईंच्या प्रतिसादाला जोडून लिहितो. आमच्या उदगीरहून जवळच असलेल्या बीदरच्या किल्ल्यातील रंगीन महालही पाहावा. तेथे काळ्याभोर दगडात शिंपल्याच्या आतल्या चमकदार थराचे तुकडे नाजूक वेलबुट्टीत बसवलेले आहेत. बरीदशाही काळातील, म्हणजे सोळाव्या शतकातील हे काम आजही टिकून आहे. दिव्याचा उजेड फिरवला की त्या तुकड्यांवरून गुलाबी आणि हिरवट छटा सरकत जातात.

मोजपट्टी

त्या छटांचे कारण मुलांना सांगण्यासारखे आहे. शिंपल्याच्या आतल्या थरात रंगद्रव्य नसते. कॅल्शियम कार्बोनेटच्या अत्यंत पातळ चकत्या एकावर एक रचलेल्या असतात आणि त्यांच्यामध्ये प्रथिनाचे पापुद्रे असतात. या थरांची जाडी प्रकाशाच्या तरंगलांबीच्या जवळपास असल्यामुळे परावर्तित प्रकाशातले काही रंग वाढतात आणि काही मावळतात. म्हणून कोन बदलला की रंगही बदलतो.

कागदीनाव

शंखाच्या दिशेचा विषय निघालाच आहे, तर एक प्रश्न विचारतो. आमच्या ओळखीत एका कुटुंबाने बरीच मोठी रक्कम देऊन दक्षिणावर्ती शंख घेतला. तो खरा आहे की नाही, हे कसे ओळखावे?

मोजपट्टी

पूजेचा नेहमीचा शंख टोक वर आणि तोंड आपल्याकडे करून धरला तर त्याचे तोंड उजव्या हाताला येते. पूजेत मात्र तो उलटा, म्हणजे निमुळती नळी वर करून धरतात, तेव्हा तेच तोंड डावीकडे जाते, म्हणून परंपरेत त्याला वामावर्ती म्हणतात. याच जातीत क्वचित विरुद्ध वळणाचा शंख निपजतो, तो दक्षिणावर्ती. तो अतिशय दुर्मिळ असतो. बाजारात या नावाने विकले जाणारे पुष्कळ शंख अमेरिकेच्या अटलांटिक किनाऱ्यावरील एका वेगळ्या जातीचे असतात आणि ती जात जन्मतःच त्या दिशेने वळलेली असते, म्हणजे तिकडे ती अगदी सामान्य आहे. ओळखायची सोपी खूण अशी की आपल्या खऱ्या शंखाच्या आतल्या दांड्यावर तीन-चार ठळक आडव्या घड्या असतात आणि त्या अमेरिकी शंखात तशा दिसत नाहीत. श्रद्धेविषयी मला काही म्हणायचे नाही, परंतु किमतीविषयी सावध राहावे.

कलम_दोन

मी वकिली करते. या चर्चेत कायद्याचा भाग अद्याप आलेला नाही, म्हणून लिहिते. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या अनुसूचींत २००१ साली काही शंख-शिंपल्यांचा समावेश झाला. महाकाय शिंपले, शिरस्त्राणासारखा दिसणारा मोठा शंख, तुतारीशंख आणि नॉटिलस यांना वाघाच्या बरोबरीचे, म्हणजे अनुसूची एकचे संरक्षण मिळाले. गोव्यातील जुन्या घरांच्या खिडक्यांना काचेऐवजी जो पातळ, अर्धपारदर्शक शिंपला बसवत, तोही संरक्षित यादीत आला. २०२२ च्या दुरुस्तीने अनुसूचींची मांडणी बदलली आहे, त्यामुळे आजची यादी वन विभागाकडून घ्यावी. पर्यटनस्थळी दुकानात उघडपणे विकायला ठेवले आहे म्हणून ते बाळगणे कायदेशीर ठरत नाही. शाळेने तयार संच न घेण्याचे हेही एक ठोस कारण आहे.

खाडीपल्याड

तुतारीशंखाचा उल्लेख झाला म्हणून सांगतो. हा शंख प्रवाळ खाणाऱ्या काटेरी तारामाशाला खातो. तो शोभेसाठी काढला गेला की तारामाशाचा एक शत्रू कमी होतो आणि त्याची झळ प्रवाळाला बसते.

शिवारशाळा

सर्वांचे मनःपूर्वक आभार. आक्षेप घेणाऱ्या बाईंना मी ही चर्चा वाचून दाखवली आणि आम्ही दोघांनी मिळून पुढील विचार केला आहे. तयार संच घेणार नाही. हर्णैला वर्गाचे गट पाडू आणि प्रत्येक गटाने भरतीच्या रेषेवरील एकच रिकामा, झिजलेला नमुना निवडावा. निवडण्यापूर्वी तो पाण्याच्या थाळीत काही वेळ ठेवून आत खेकडा किंवा दुसरा जीव नाही याची खात्री करावी. बाकीच्यांची तेथेच चित्रे काढायची आणि ते जागच्या जागी ठेवायचे. कपाटाचा मोठा भाग मात्र आपल्याच मुलखासाठी राहील. त्यात नदीचे शिंपले, बांधावरचे गोगलगायीचे शंख आणि घरोघरच्या कवड्यांची चित्रे असतील. आता नमुने टिकवावेत कसे, यावर मार्गदर्शन हवे आहे.

मोजपट्टी

प्रथम गोड्या पाण्यात दोन-तीन दिवस, रोज पाणी बदलत भिजवावेत, म्हणजे मीठ निघून जाते. नंतर मऊ ब्रशने घासून सावलीत वाळवावेत. आम्ल, लिंबू किंवा व्हिनेगर मुळीच वापरू नये, कारण कवच चुन्याचे असल्याने ते विरघळू लागते. कपाट नव्या लाकडाचे किंवा प्लायवूडचे असेल तर त्यातून निघणाऱ्या आम्लवाफांनी शंखांवर पांढरी बुरशीसारखी पूड धरते. ही बुरशी नसून कवचाचीच झालेली रासायनिक झीज असते. म्हणून लोखंडी कपाट बरे. आपल्याकडचे ऊनही रंग उडवते, तेव्हा कपाट खिडकीसमोर ठेवू नये.

चिठ्ठी ही शंखाइतकीच महत्त्वाची आहे. तिच्यावर नमुना कोठे मिळाला, कोणत्या तारखेला मिळाला, वाळूत की खडकावर आणि कोणी उचलला, हे टिकाऊ शाईने लिहावे. नाव नंतरही शोधता येते, पण ठिकाण एकदा विसरले की ते परत मिळत नाही आणि मग तो नमुना अभ्यासाच्या उपयोगाचा राहत नाही.

गोदाकाठ

गुरुजी, उन्हाळ्यात पाणी ओसरल्यावर आमच्या घाटावरील रिकामे शिंपले मी चिठ्ठीसह पाठवीन. शाळेचा पत्ता कृपया व्यक्तिगत निरोपात कळवावा.

उदगीरवासी

माझे काका जहाजावर नोकरीला होते. त्यांनी आणलेला नॉटिलसचा एक मोठा शंख आमच्या घरात कित्येक वर्षांपासून आहे. आतले कप्पे दिसावेत म्हणून तो उभा कापलेला आहे. शाळेला त्याचा फार उपयोग होईल असे वाटते. तो भेट म्हणून देता येईल का?

कलम_दोन

तसाच देऊ नका. नॉटिलस वरच्या यादीतला आहे आणि अशा वस्तूचे हस्तांतर, अगदी भेट म्हणूनही, परवानगीशिवाय केल्यास देणारा आणि घेणारा दोघेही अडचणीत येऊ शकतात. तो घरात कधी व कसा आला याचे जे काही कागद किंवा छायाचित्र असेल ते जोडून विभागीय वन कार्यालयाकडे लेखी विचारणा करावी आणि त्यांचे लेखी उत्तर येईपर्यंत शंख घरीच ठेवावा. दरम्यान त्याचे चारही बाजूंनी नीट छायाचित्र काढून शाळेला पाठवले तर कप्प्यांची रचना मुलांना त्यातूनही समजेल.